चुन्याच्या पट्ट्या

"अवं, उचला ना पाय! मागं माणसं खोळंबलीत."

पारूबाईच्या दोन्ही हातांत ओल्या चादरींचा पिळा होता, नाहीतर तिने नवऱ्याला धरून बाजूला घेतलं असतं. हॉटेलच्या मागच्या अरुंद बोळात कमळाकर मधोमध उभा होता. एक टाच उचललेली, पाऊल टाकायच्या बेतात असल्यासारखं, पण पाऊल काही पडत नव्हतं. मागे जेवणघराकडे निघालेले पाहुणे थांबले होते. त्यातल्या एका बाईने नाकाला पदर लावला आणि मुलीला जवळ ओढून घेतलं.

"येतोय," कमळाकर म्हणाला. आवाज इतका खोल गेलेला, की तो पारूबाईलाच तेवढा ऐकू आला.

तिने पिळा तिथेच भिंतीकडे टाकला. धुतलेल्या चादरी पुन्हा लाल मातीत! पण करणार काय? ती त्याच्या पुढे गेली, पाठमोरी झाली, त्याचा हात आपल्या खांद्यावर घेतला आणि म्हणाली, "चला, माझ्या मागं." जागच्या जागी पायांची थोडी चुळबुळ झाली, मग एक पाऊल सुटलं, मग दुसरं.

मॅनेजर योगेंद्र काउंटरच्या दारातून हे सगळं बघत होता. पाहुणे गेल्यावर तो मागे आला. माणूस तसा वाईट नव्हता. दिवाळीला सगळ्या कामवाल्यांना स्वतःच्या हाताने मिठाई द्यायचा.

"मावशी, राग मानू नका. काका सकाळीच घेतात का?"

"साहेब, माझ्या नवऱ्यानं जन्मात थेंब घेतला नाय. आजारी हाय तो."

"काय आजार आहे?"

आता हेच तर तिला कुणी सांगत नव्हतं. बाजारातल्या डॉक्टरने अशक्तपणा म्हणून बाटली दिली होती. मालिशवाल्याने वात म्हणून तेल दिलं होतं. बाटली संपली, तेल संपलं, उजव्या हाताची थरथर काही संपली नाही. चेहरा तर असा झाला होता, की हसतो का रुसतो काही कळायचं नाही. संसार केलेल्या बाईला नवऱ्याचा चेहरा वाचता येऊ नये, याच्यासारखा दुसरा छळ नाही.

माथेरानात कमळाकरला ओळखत नाही असा माणूस नव्हता. इथे मोटारी येत नाहीत. दस्तुरी नाक्यावर गाड्या थांबतात आणि पुढे पाहुण्यांचं सामान हमालांच्या डोक्यावरून येतं. कमळाकरने उभा जन्म तेच केलं. डोक्यावर दोन बॅगा, खांद्याला एक, आणि वाट मिनी ट्रेनच्या रुळांमधली, आडव्या स्लीपरांवरची. नव्या हमालाला तो सांगायचा, "दरीकडं बघायचं नाय. पायाखालच्या स्लीपरकडं बघायचं. स्लीपर आली का पाय. स्लीपर आली का पाय." मान ताठ, चाल एका लयीत. पारूबाई लग्न होऊन आली तेव्हा तिला या माणसातलं सगळ्यात आधी काही आवडलं असेल, तर ते त्याचं चालणं. तिने ते त्याला कधी सांगितलं नाही. आपल्यात कुठे असलं सांगतात?

आणि आता या माणसाला खोलीतून मोरीत जायला तिचा खांदा लागत होता. सकाळी उठवायचं, खांदा द्यायचा, धुलाईला जायचं, मध्येच धावत येऊन पुन्हा खांदा द्यायचा. सोबतीने कपडे धुणारी भागूबाई बघायची आणि म्हणायची, "पारू, मी सांगते म्हणून राग मानू नको. झोपलेल्याला उठवता येतं, झोपेचं सोंग घेतलेल्याला नाय. काम नको झालंय त्याला."

"तुझी जीभ झडो," पारूबाई म्हणायची. दिवसभर चादरी आपटून हातांचे तुकडे पडायचे, तरी नवऱ्यावर तिने आळ येऊ दिला नव्हता. पण ती दमली होती. खोटं कशाला बोला, फार दमली होती.

त्यातच तो दुपारचा प्रकार घडला.

साबण संपला म्हणून पारूबाई बाजाराकडे निघाली होती. स्टेशनच्या अलीकडे वाट रूळ ओलांडते, तिथे ती आली आणि सहज डावीकडे बघितलं. रुळांमधून एक माणूस चालत येत होता. पांढरी टोपी, मान ताठ, स्लीपर आली का पाय, स्लीपर आली का पाय. कसलं सुरेख चालत होता! तिला आधी नुसतं बरं वाटलं, जुनं काहीतरी आठवल्यासारखं. मग तिने नीट बघितलं. तो तिचाच नवरा होता.

ती जांभळीच्या झाडाआड झाली. कमळाकर वळणापर्यंत आला, थांबला, हळूहळू फिरला आणि तसाच परत चालत गेला. चेहऱ्यावर हसू होतं. महिनोन् महिने तिला न दिसलेलं हसू त्याने या रुळांसाठी राखून ठेवलं होतं!

पारूबाईच्या तळपायाची आग मस्तकाला गेली. म्हणजे भागूबाई खरी? सगळं गाव खरं, आणि आपण एकट्या येड्या? साबण न घेताच ती परतली.

त्या संध्याकाळी बुद्धवंदना झाली. मेणबत्ती विझवून कमळाकर उठला आणि उंबऱ्याशी जाऊन अडकला. त्याने नेहमीसारखा हात पुढे केला. "पारू, खांदा दे गं."

"या की तुमचं तुमी."

तो वळून बघू शकला नाही. तसाच पाठमोरा उभा राहिला. "पारू, मोरीत जायचंय."

"मग जा. कुणी धरलंय?"

ती तांदूळ निवडत बसली. तांदळात एक खडा नव्हता, तरी निवडत बसली. थोड्या वेळाने उंबऱ्यावर पाण्याचा आवाज झाला. कमळाकरचं धोतर भिजलं होतं आणि पायाशी थारोळं साचत होतं. तिने फडकं आणलं, पुसलं, धोतर बदललं. दुसऱ्या दिवशी योगेंद्रला जाऊन सांगितलं, "नेऊन सोडते त्यांना खाली कळंबला, दिराकडं."

"मी पाठवा म्हणालो नव्हतो, मावशी," योगेंद्र म्हणाला, पण त्याच्या तोंडावर सुटल्याचा भाव होता. खोली हॉटेलची होती आणि पारूबाईच्या कामावर मिळालेली होती. येणारे पाहुणे बोळात दारुडा उभा असतो म्हणून तक्रार करत होते. त्याने तरी किती दिवस ऐकून घ्यायचं?

मंगळवारी, तिच्या सुट्टीच्या दिवशी, दोघं निघाली. रुळापर्यंत तिने हात दिला, पण मेलेल्या मनाने. रुळात पाय पडला आणि कमळाकरने तिचा हात सोडला. तो पुढे, बॅग घेतलेली पारूबाई मागे. त्याला दम नाही, थांबणं नाही. मध्येच मागे न बघता तो म्हणाला, "पारू, बॅग दे गं. डोक्यावर घेतो." त्याचा आवाजसुद्धा मोकळा आला. बॅग त्याच्या डोक्यात घालावी असं तिला वाटलं. याला माहीत होतं का, की आपण याला कशाला नेतोय? त्याला सांगितलं होतं, चार दिवस भावाकडे हवापालट. बिचारा 'हां' म्हणाला होता.

दस्तुरीला रूळ सोडून दोघं गाड्यांच्या मैदानात उतरली. सपाट, मोकळं डांबर. नेरळच्या टॅक्सीत दोन माणसं कमी होती आणि ड्रायव्हर हाका मारत होता. कमळाकर दोन पावलं आला आणि खिळला.

"ओ काका, बसायचंय का नाय?"

इतके दिवस धरून ठेवलेलं सगळं पारूबाईच्या तोंडातून फुटलं. "बास झाली नाटकं! बघितलंय मी त्या दिवशी. रुळावर घोड्यासारखे चालत होता. आणि माझ्यापुढं आलं का लुळे! मी काय हमाल हाय तुमची?"

सगळा नाका बघायला लागला. कमळाकरचा चेहरा तसाच, लाकडाचा. पण डोळ्यांतून पाणी यायला लागलं.

"बघितलंस?"

"बघितलं!"

"पारू, मलाच कळत नाय गं. भिंतीला धरून, रखडत कसाबसा रुळापर्यंत जातो आणि तिथं पाय माझे असतात. हितं आलं का दुसऱ्या कुणाचे होतात. तुला सांगणार होतो. पण कोण खरं मानंल? मीच सोंग करतो का काय, असं आता मलाच वाटायला लागलंय."

आणि तिला दाखवायला म्हणून की काय, त्याने सगळा जीव एकवटून पुढे झोक घेतला. अंग पुढे गेलं, पाय मागेच राहिले. सावरायला हातसुद्धा पुढे आले नाहीत. तो तोंडावर पडला.

सोंग घेणारा माणूस पडताना हात पुढे करतो. हे पारूबाईला त्याच क्षणी कळलं. कुणी सांगावं लागलं नाही.

टॅक्सीवाल्यानेच उचलून बसवलं आणि थेट नेरळच्या सरकारी दवाखान्यात आणलं. डॉक्टरांनी हनुवटीला टाके घातले. मग त्याच्या बोटांची थरथर बघत राहिले, मनगट धरून हात हलवून बघितला आणि बाजूच्या खोलीतून व्यायाम शिकवणाऱ्या फराहला बोलावलं. फराह नेरळचीच पोरगी, पांढऱ्या कोटावर ओढणी घेतलेली.

"काका, जरा उठून दाखवा चालून."

तो उठला आणि खिळला. पारूबाई खांदा द्यायला धावली, पण फराहने तिला थांबवलं. "मावशी, घरी कधी नीट चालतात का? जिना चढताना वगैरे?"

पारूबाईने खाली मान घालून रुळाची गोष्ट सांगितली. आता ही पोरगीही हसणार, असं तिला वाटलं. फराह हसली नाही. तिने चिकटपट्टीचा गुंडाळा घेतला, पट्ट्या कापल्या आणि रुळातल्या स्लीपरसारख्या एकापुढे एक आडव्या फरशीवर चिकटवत गेली, पार दारापर्यंत.

"काका, नुसतं खाली बघा. पट्टी दिसली की तिच्यावर पाय."

कमळाकरने खाली बघितलं. आणि चालला! हनुवटीला टाके, सदऱ्यावर रक्त, पण दवाखान्यातल्या त्या फरशीवर तो आपल्या चालीने दारापर्यंत गेला आणि तिथे उभा राहिला.

पारूबाई बाकावर बसली.

"मावशी, हा मेंदूचा आजार आहे. पार्किन्सन म्हणतात," फराह तिच्या शेजारी बसून सांगायला लागली. "तुम्ही आम्ही चालताना पायाला सांगतो का, उचल म्हणून? मेंदू आपला आपोआप हुकूम देतो. काकांचा तो हुकूम मध्येच अडतो. पण समोर आडवी पट्टी दिसली की मेंदू दुसरा रस्ता काढतो. घाटात दरड आली की तुम्ही माथेरानवाले पायवाटेनं उतरता ना? तसंच."

"म्हंजी सोंग नाय?"

"अल्ला! सोंग कसलं? हात थरथरतो, आवाज बसतो, चेहरा हलत नाही, सगळं यातलंच आहे. गोळ्या आहेत. कल्याणच्या मोठ्या डॉक्टरांना दाखवा. गोळी वेळेवर द्यायची, चुकवायची नाही. आणि चालवत राहायचं."

"बरं होईल?"

फराहने ओढणी सारखी केली. "आजार थांबणार नाही मावशी. हळू होईल. पायवाट आहे तोवर वापरायची."

पारूबाईला बाकी काही नीट ऐकू आलं नाही. तिला तो उंबरा दिसत होता आणि पाठमोरा नवरा. "मी त्यांना दारात उभं ठेवलं," ती म्हणाली. "मुद्दाम ठेवलं." फराहने तिचा हात धरला. पारूबाई तिथेच, सगळ्या दवाखान्यादेखत, पदर तोंडात घालून रडली.

तिने योगेंद्रला फोन लावला. दारू नाही, आजार आहे, डॉक्टरांनी सांगितलं, असं अगदी अभिमानाने सांगितलं. पलीकडून तो म्हणाला, "मावशी, वाईट वाटलं ऐकून. पण आजार असेल तर उलट जास्त जबाबदारी. उद्या पाहुण्यांसमोर पडले, डोकं फुटलं, तर मालक मला विचारणार."

घ्या! दारुडा होता तेव्हा नको, आजारी ठरला तेव्हा तर मुळीच नको. आणि काम सोडावं तर गोळ्या कुठून आणायच्या? शेवटी ती कळंबलाच गेली. फक्त आता सोडायला नव्हती जात, ठेवायला जात होती. रस्त्यात तिने कमळाकरला खरं काय ते सांगितलं. तो खिडकीबाहेर बघत म्हणाला, "मला निघतानाच कळलं होतं गं. हवापालटाला कुणी थंडीची गोधडी बांधून देतं का?"

दीर नरेश एका रिसॉर्टवर माळीकाम करायचा, जाऊ गोदा घरी असायची. दोघंही मनाची मोठी. ओटीला गुळगुळीत कोबा होता, लाल. पारूबाईने चुना कालवला, बसली आणि कमळाकरच्या खाटेपासून मोरीपर्यंत स्लीपरच्या अंतराने पट्ट्या ओढत गेली.

"वैनी, एकदाच ऑइलपेंट मारून टाकू," नरेश म्हणाला.

"नको बाबा," गोदा म्हणाली, "उद्या घरात लग्नकार्य निघालं तर बरं दिसत नाय. चुनाच बरा. मी तिथं नुसता झाडू मारीन, पाणी नाय घालणार. आपण सगळी कडेनं चालू."

तेव्हापासून मंगळवार म्हणजे कळंब. सकाळी माथेरानहून उतरायचं, नेरळला टेंपो पकडायचा. कल्याणच्या डॉक्टरांच्या गोळ्यांनी गुण आला होता. आवाज थोडा सुटला, हात थोडा थांबला. ओटीत शिरली की पारूबाई आधी नवऱ्याकडे बघायची नाही, आधी खाली बघायची. प्रत्येक पट्टी मधोमध पुसलेली असायची, कडा तेवढ्या शिल्लक. नवरा आठवडाभर चाललाय, याचा याहून मोठा पुरावा काय? चुन्याचं डबडं पिशवीतून काढताना ती मुद्दाम कुरकुरायची, "काय ओ, घरात हमाली करता काय? सगळं पुसून ठेवलंत."

"गिऱ्हाईक लय होतं," कमळाकर म्हणायचा.

थंडी गेली, आंब्याला कैऱ्या लागल्या, जयंतीची मिरवणूक झाली. पट्ट्या पुसल्या जायच्या आणि ती भरायची. मग थोड्या कमी पुसल्या जायला लागल्या. मोरीकडच्या टोकाच्या तशाच राहायच्या. ते पारूबाईने बघितलं आणि न बघितल्यासारखं केलं. डॉक्टरांनी गोळी वाढवली. माथेरानात सुट्ट्यांची गर्दी उसळली, दोन मंगळवार तिला खाली उतरता आलं नाही. फोनवर गोदा म्हणायची, "बरं हाय, जेवतायत, काळजी करू नका."

तिसऱ्या मंगळवारी ती ओटीत शिरली आणि खाली बघितलं.

पट्ट्या तिने ओढल्या होत्या तशाच होत्या. पांढऱ्याशुभ्र. कडेला कडा, मध्ये मध्य. एकीवरही पाय उमटला नव्हता.

गोदा आतून पाणी घेऊन आली. "बघा वैनी, या खेपेला काय पुसलं नाय. तुमचं तेवढं काम वाचलं."

तिच्या मनात काही नव्हतं. साधी बाई. पारूबाईने तांब्या घेतला आणि तसाच हातात धरला.

खाटेवर कमळाकर भिंतीकडे तोंड करून झोपला होता. खाटेखाली प्लॅस्टिकचं भांडं होतं. टोपी खुंटीला होती आणि तिच्यावर धूळ होती. "नरेश सकाळ-संध्याकाळ उचलून बसवतो," गोदा हळू आवाजात म्हणाली. "पट्ट्या बघतात सारखं. बघत राहतात. पण पाय काय ऐकत नाय. तुमाला सांगू नको म्हणाले."

"बरं," पारूबाई म्हणाली. तिला ओरडावंसं वाटलं, त्या फराहवर, डॉक्टरांवर, त्या मिनी ट्रेनवरसुद्धा. मग तेही वाटेनासं झालं.

गोदा चुलीकडे गेली. पारूबाई जरा वेळ उंबऱ्यात उभी राहिली. चपला तिने दाराशी काढल्या होत्या. तांब्यातल्या पाण्याने तिने पाय ओले केले. मग खाटेजवळ गेली आणि पहिल्या पट्टीवर पाय ठेवला. चुन्यावर तो ओला पाय घासला, पट्टी मधोमध फिसकटली. दुसरी. तिसरी. ती मोरीपर्यंत गेली आणि वळून परत आली. मोठं अंतर होतं, तिची पावलं पुरत नव्हती, तिला ढांगा टाकाव्या लागत होत्या. मान ताठ. स्लीपर आली का पाय. पुन्हा गेली, पुन्हा आली. कडा तेवढ्या शिल्लक राहिल्या.

सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं आणता येत नाही, म्हणतात. हे चालण्याचं सोंग तिला आलं.

कमळाकरला जाग आली तेव्हा ती फतकल मारून बसली होती, पुढ्यात चुन्याचं डबडं, हातात काडीला गुंडाळलेलं फडकं.

"काय ओ," ती मागे न बघता म्हणाली, "दोन आठवडे आले नाय, तर किती चाललात? सगळं पुसून ठेवलंत."

तिने मान वळवली. कमळाकर पट्ट्यांकडे बघत होता, मग तिच्या पायांकडे. तिच्या टाचांना चुना लागला होता.

फार वेळाने त्याचे ओठ हलले. ऐकायला तिला खाटेजवळ सरकावं लागलं.

"गिऱ्हाईक लय होतं," तो म्हणाला.

"मग! सुट्ट्याच हायेत," पारूबाई म्हणाली, आणि पुढची पट्टी भरायला घेतली.